युलियान सेम्योनोव्ह आणि त्याचा श्टिर्लिट्स

वाटसरू

युलियान सेम्योनोव्हवर लिहायचं बरेच दिवस मनात होतं. परवा हेरकथांच्या धाग्यावर कोणीतरी म्हणालं, सोव्हिएत हेरकथा म्हणजे निव्वळ सरकारी प्रचार, त्यात वाचण्यासारखं काय असणार. मला ते पटलं नाही. तिथं विषयांतर नको म्हणून हा वेगळा धागा. लांबण लागणार आहे, पण लेखक त्या योग्यतेचा आहे.

ज्यांना नाव नवीन आहे त्यांच्यासाठी: सेम्योनोव्ह (१९३१–१९९३) म्हणजे 'वसंतातले सतरा क्षण' या कादंबरीचा लेखक आणि तिच्यावरच्या बारा भागांच्या टीव्ही मालिकेचा पटकथाकार. कादंबरी १९६९ची, मालिका १९७३ची. नायक माक्स ओट्टो फोन श्टिर्लिट्स हा बर्लिनमध्ये नाझी सुरक्षा-यंत्रणेत बड्या हुद्द्यावर बसलेला अधिकारी, आणि प्रत्यक्षात सोव्हिएत हेर. रशियात त्याचं नाव माहीत नाही असं घर सापडणार नाही.

पण श्टिर्लिट्सकडे जायच्या आधी सेम्योनोव्हच्या वडिलांबद्दल सांगायला हवं. त्यांचं नाव सेम्योन ल्यांद्रेस. बोल्शेव्हिक नेता निकोलाय बुखारिनचे सहायक म्हणून त्यांनी काम केलं होतं, पुढे प्रकाशन व्यवसायात होते. बुखारिनला १९३८मध्ये गोळ्या घातल्या गेल्या. ल्यांद्रेस तेव्हा वाचले, पण १९५२च्या वसंतात त्याच जुन्या संबंधाचा ठपका ठेवून त्यांना उचललं. मुलगा तेव्हा मॉस्कोच्या प्राच्यविद्या संस्थेत पश्तू आणि फारसी शिकत होता. गप्प बसावं, जमलं तर वडिलांशी नातं तोडल्याचं जाहीर करावं, ही तेव्हाची शहाणपणाची रीत. या पोरानं वरच्या कचेऱ्यांना पत्रांमागून पत्रं लिहिली: माझे वडील निर्दोष आहेत. परिणाम व्हायचा तोच झाला, संस्थेतून नाव काढून टाकलं. मार्च १९५३मध्ये स्टालिन गेला, १९५४मध्ये वडील सुटले. मारहाणीनं शरीर खिळखिळं झालेलं होतं. मुलाला संस्थेत परत घेतलं, पदवी मिळाली. लिहायला लागल्यावर त्यानं ल्यांद्रेस आडनाव बाजूला ठेवून वडिलांच्या सेम्योन या नावावरून सेम्योनोव्ह हे नाव घेतलं, आणि ते जन्मभर वागवलं.

माझं म्हणणं असं की या माणसाची सगळी चांगली पुस्तकं त्या १९५२मधून निघाली आहेत. आपल्याच कचेरीत कोण आपल्यावर नजर ठेवून आहे, आपल्या फाइलीत काय लिहिलं जातंय, कोणाशी किती बोलायचं, ही भीती त्याला ऐकून माहीत नव्हती, त्याच्या घरात शिरली होती.

पहिली कादंबरी १९५९ची, 'राजनैतिक दूत'. नायक इवान व्हित्केविच हा ऐतिहासिक माणूस. शाळकरी वयात गुप्त संघटनेत सापडला म्हणून रशियन सरकारनं त्याला साधा शिपाई करून ओरेनबुर्गच्या सीमेवर पाठवलं. तिथं तो पूर्वेकडच्या भाषा शिकला आणि पुढे त्याच सरकारचा दूत होऊन १८३७मध्ये काबूलला पोचला. ज्या सरकारनं आयुष्य मोडलं त्याच सरकारसाठी परक्या मुलखात जीव धोक्यात घालणारा माणूस. सेम्योनोव्हनं पहिल्याच पुस्तकात हा नायक निवडला!

मग १९६३मध्ये 'पेत्रोव्का, ३८'. हा मॉस्कोच्या पोलीस मुख्यालयाचा पत्ता. साधे, दमलेले, माणसासारखे पोलीस त्यात आहेत. त्यानंतर 'सांकेतिक शब्दाची गरज नाही'. १९२१चं व्लादिव्होस्तोक, आणि पत्रकाराच्या वेषात वावरणारा तरुण हेर माक्सिम इसायेव्ह. हाच पुढे श्टिर्लिट्स होतो. त्याचं जन्मनाव व्लादिमिरोव्ह, म्हणजे श्टिर्लिट्स हा मुखवट्यावरचा मुखवटा. या कादंबरीत ब्ल्यूखर आणि पोस्तिशेव्ह ही दोन खरी माणसं मोठ्या मायेनं रंगवली आहेत. दोघेही क्रांतीचे शिलेदार. ब्ल्यूखर १९३८मध्ये तुरुंगात मेला, पोस्तिशेव्हला १९३९मध्ये गोळी घातली. पुढे दोघांवरचे आरोप मागे घेतले गेले, तरी साठच्या दशकात त्यांना साहसकथेचे नायक करणं ही निवड होती. सेम्योनोव्हनं ती जाणून केली असं मला वाटतं.

आता 'सतरा क्षण'. काळ फेब्रुवारी–मार्च १९४५. युद्ध हरल्यात जमा. हिमलरचा माणूस जनरल कार्ल वोल्फ स्वित्झर्लंडमध्ये अमेरिकन गुप्तहेर-प्रमुख ॲलन डलेस याला गुपचूप भेटतोय. हे खरं घडलेलं आहे, ८ मार्च १९४५ला दोघं झ्युरिकमध्ये भेटले होते. या वाटाघाटींवरून स्टालिन आणि रूझवेल्ट यांच्यात कडवट पत्रव्यवहारही झाला. श्टिर्लिट्सचं काम एवढंच: बर्लिनमधलं कोण हे करतंय ते शोधायचं आणि होता होईल तो ते मोडायचं.

बारा भागांत मारामारी जवळपास नाही. श्टिर्लिट्स गाडी चालवतो, कचेरीत जातो, वरिष्ठांशी बोलतो, विचार करतो. पाहणाऱ्याचा जीव टांगणीला लागतो तो संवादांमुळे. रेडिओच्या पेटीवर त्याच्या बोटांचे ठसे सापडतात आणि गेस्टापोचा प्रमुख म्युलर त्याला तळघरात बसवून ठेवतो, तो भाग मी कितीही वेळा पाहू शकतो. ठसे तिथं कसे आले याचं पटेल असं उत्तर त्याला एकट्यानं, खोलीत फेऱ्या मारत शोधायचं आहे. आपणही त्याच्याबरोबर शोधत बसतो.

याच म्युलरच्या तोंडी मालिकेत ते गाजलेलं वाक्य आहे: 'आजच्या काळात कोणावरही विश्वास ठेवता येत नाही, कधी कधी स्वतःवरसुद्धा. माझ्यावर ठेवता येईल.' हे बोलणारा नट लिओनीद ब्रोनेवोय. त्याचे वडील कीव्हमध्ये गुप्त पोलिसांतच होते, १९३६मध्ये त्यांनाच अटक झाली, आणि ब्रोनेवोयचं बालपण हद्दपारीत गेलं. वाक्य लिहिणाऱ्याचे वडील तुरुंगात जाऊन आलेले, बोलणाऱ्याचेही. गणवेश जर्मन होते, पण पडद्यावरची कचेरी कोणती हे प्रेक्षकांना कोणी समजावून सांगायची गरज नव्हती.

बाकीचं प्रतिसादांत लिहितो. तुमची मतं वाचायला आवडतील, विरोधी असली तर आधी.

शेवंता

फार सुंदर लेख! वडिलांचा भाग माहीतच नव्हता.

मी ही मालिका इंग्रजी उपशीर्षकं लावून पाहिली आहे. माझ्या मनातून न जाणारा प्रसंग म्हणजे कॅफेतली भेट. श्टिर्लिट्सच्या बायकोला फक्त त्याला लांबून बघता यावं म्हणून जर्मनीत आणतात. दोघं वेगवेगळ्या टेबलांवर, मध्ये सगळा कॅफे, बोलायचं नाही, ओळख दाखवायची नाही. कित्येक मिनिटं नुसते डोळे आणि पियानो. कादंबरीतही तो इतकाच परिणामकारक आहे का?

वाटसरू

शेवंता, कादंबरीत तो प्रसंग नाही! मालिका करताना आला. ती करामत दिग्दर्शिका तात्याना लिओझ्नोवाची, श्टिर्लिट्स आणि त्याची बायको झालेल्या तिखोनोव्ह आणि एलेओनोरा शाश्कोवा यांच्या चेहऱ्यांची आणि तारिवेर्दिएव्हच्या संगीताची. सेम्योनोव्हचा हात संवादात चाले, आणि मालिकेतला सर्वांत लक्षात राहिलेला प्रसंग बिनसंवादाचा आहे.

लिओझ्नोवाचं श्रेय कमी लेखून चालणार नाही. बाईंनी या कथेसाठी अक्षरशः भांडण केलं होतं. पटकथा दुसऱ्या स्टुडिओकडे जात होती, ती यांनी ओढून आणली.

तात्या_नाशिककर

लेख आवडला. सोव्हिएत पुस्तकांच्या प्रदर्शनांतून आमच्या पिढीनं पोत्यानं पुस्तकं आणली. मॉस्कोच्या प्रगती आणि रादुगा प्रकाशनांची, उत्तम बांधणीची, कवडीमोल किमतीची. मुंबईत फोर्टातल्या पीपल्स बुक हाऊसमध्ये जाणं हा तर ठरलेला कार्यक्रम असे. त्यात गॉर्की होता, चेखव होता, मुलांची चित्रांची पुस्तकं होती. हेरकथा मात्र हाताला लागल्याचं आठवत नाही. त्यांच्याकडे इतका लोकप्रिय लेखक असताना आमच्यापर्यंत अभिजात तेवढंच यावं, याची आज हळहळ वाटते. त्या देशातला सामान्य माणूस रात्री उशाशी काय घेऊन झोपतो हे आम्हाला कळलंच नाही.

शंकासूर

वाटसरू, तुम्ही विरोधी मतं आधी मागितलीत म्हणून सविस्तर लिहितो.

वडिलांची गोष्ट हृदयद्रावक आहे. पण पुढचं बघा. 'सतरा क्षण' मालिकेच्या श्रेयनामावलीत मुख्य सल्लागार म्हणून एस. मिशिन असं नाव येतं. हा होता सेम्योन त्स्विगुन, केजीबीचा उपप्रमुख. टोपणनावानं. केजीबीचा प्रमुख आंद्रोपोव्ह याची सेम्योनोव्हवर मर्जी होती हे काही लपलेलं नाही. ज्या काळात भल्या भल्या लेखकांची हस्तलिखितं जप्त होत होती, त्या काळात या गृहस्थाला कागदपत्रं पाहायला मिळत होती, परदेशवाऱ्या मिळत होत्या. हे फुकट मिळत नाही.

आणि 'तासला (म्हणजे सोव्हिएत सरकारी वृत्तसंस्थेला) जाहीर करण्याचा अधिकार देण्यात आला आहे' ही कादंबरी घ्या. १९७९ची. तिचा आधार खरा आहे: परराष्ट्र खात्यातला अलेक्सांद्र ओगोरोद्निक सीआयएला माहिती पुरवत होता. १९७७मध्ये पकडला गेला आणि अटकेच्या वेळीच पेनात लपवलेलं विष घेऊन मेला. त्यानंतर त्याच्यासाठी ठेवायचं सामान घेऊन आलेली सीआयएची मार्था पीटरसन मॉस्कोतल्या रेल्वेपुलावर पकडली गेली. इतकं जबरदस्त खरं कथानक हाती असताना सेम्योनोव्हनं काय केलं? नागोनिया नावाचा आफ्रिकेतला काल्पनिक देश काढला, तिथं सीआयएचा कट, सोव्हिएत अधिकारी एकजात सज्जन, देशद्रोही एकजात किळसवाणा. ओगोरोद्निकनं जे केलं ते का केलं असेल, हा प्रश्नच पुस्तकात येत नाही. ज्याच्या बापावर देशद्रोहाचे खोटे आरोप झाले त्या लेखकाला तरी हा प्रश्न पडायला हवा होता.

तेव्हा म्युलरच्या एका वाक्यावरून लेखकाला बंडखोर ठरवू नका. ज्या खात्यानं वडिलांना तोडलं त्याच खात्याची प्रतिमा उजळायचं काम त्यानं आयुष्यभर केलं.

मुक्ता

शंकासूर +१. प्रतिमा उजळण्याबद्दल तर पूर्ण सहमत. ती मालिका पाहून गुप्तहेर खात्यात जायची स्वप्नं बघणारी एक अख्खी पिढी तयार झाली. १९९२च्या एका माहितीपटात पुतिननं गाडी चालवत श्टिर्लिट्सच्या बर्लिनला परतण्याचा प्रसंग उभा केला होता, पार्श्वभूमीला तेच संगीत.

वाटसरू

शंकासूर, 'तास'बद्दल तुमचं बरोबर आहे. ती मलाही त्याची फार ताठर कादंबरी वाटते. १९८४ची दहा भागांची मालिका पाहण्याजोगी आहे ती नटांमुळे. खुद्द तिखोनोव्ह त्यात केजीबीचा जनरल आहे.

पण बंडखोर हा शब्द मी वापरला नाही, आणि तो मला लागूही वाटत नाही. बंडखोराला व्यवस्थेबाहेर उभं राहावं लागतं. सेम्योनोव्ह आत राहिला. त्यानं सवलती घेतल्या, मैत्र्या केल्या, त्यांची किंमतही मोजली असणार, आणि आत राहून जे सरकवता आलं ते सरकवलं. 'मेजर व्हिखर' घ्या. १९४४-४५मध्ये क्राकोव्ह शहर उडवून देण्याचा जर्मन बेत हाणून पाडणाऱ्या हेरगटाची ही कथा, १९६७मध्ये तीन भागांत टीव्हीवर आली. तिच्यामागे जी खरी माणसं होती त्यांच्यात येव्हगेनी बेरेझ्न्याक होता. क्राकोव्हच्या बाजारात गेस्टापोच्या हातून निसटून त्यानं काम पुरं केलं, आणि मायदेशी परतल्यावर शत्रूच्या ताब्यातून सुटून आला म्हणून त्यालाच तपासणी-छावणीत डांबलं. मालिका आल्यावर या माणसांची खरी कामगिरी लोकांना हळूहळू कळू लागली. सरकारी मान्यतेच्या साहसकथेनं साधलेलं हे काम मला लहान वाटत नाही.

कुलाबेकर

या धाग्यात एक आपल्या गावचा दुवा आहे, तो सांगितल्याशिवाय राहवत नाही.

वाटसरूंनी ज्या व्हित्केविचचा उल्लेख केला, तो डिसेंबर १८३७मध्ये काबूलला पोचला तेव्हा तिथं ईस्ट इंडिया कंपनीचा दूत आधीच येऊन बसला होता, अलेक्झांडर बर्न्स. हा बर्न्स मुंबई इलाख्याच्या फौजेतला. सोळा वर्षांचा असताना १८२१मध्ये मुंबईत उतरला, सुरतेला दुभाषा होता, कच्छमध्ये राहिला. म्हणजे सेम्योनोव्हच्या पहिल्या कादंबरीतला प्रतिस्पर्धी मुंबईच्या नोकरपटावरचा माणूस आहे. दोघेही भाषापंडित, दोघेही तिशीच्या आसपास. बर्न्सनं त्या वर्षीच्या नाताळच्या जेवणाला व्हित्केविचला बोलावलं होतं. एकमेकांबद्दल आदर होता, डाव मात्र एकमेकांविरुद्ध.

पुढे दोघांचंही वाईट झालं. काबूलचा अमीर दोस्त मोहम्मद रशियाकडे झुकतोय या भयानं इंग्रजांनी पहिलं अफगाण युद्ध छेडलं. व्हित्केविचला त्याच्या सरकारनं परत बोलावलं. मे १८३९मध्ये सेंट पीटर्सबर्गच्या हॉटेलात तो गोळी लागून मेलेला सापडला, कागदपत्रं जळालेली. आत्महत्या की खून, वाद अजून चालू आहे. बर्न्सला २ नोव्हेंबर १८४१ला काबूलच्या जमावानं ठार केलं.

त्या युद्धात मुंबईच्या फौजेची तुकडीही गेली होती. कुलाब्याचं अफगाण चर्च त्याच युद्धात मेलेल्यांच्या स्मरणार्थ उभं आहे, १८५८मध्ये त्याचं पवित्रीकरण झालं. नेव्हीनगरच्या बसमधून रोज त्याच्यावरून जाणाऱ्या किती जणांना ठाऊक असेल की या दगडी मनोऱ्यामागच्या गोष्टीवर मॉस्कोतल्या एका पश्तू शिकलेल्या तरुणानं पहिली कादंबरी लिहिली!

वाटसरू

कुलाबेकर, अप्रतिम! व्हित्केविचच्या मरणाबद्दल थोडी भर. आपल्याच सरकारनं वाऱ्यावर सोडलेला दूत, जळालेले कागद आणि बंद खोली. सेम्योनोव्ह पुढे तीसएक वर्षं ज्या विषयाभोवती फिरत राहिला तो इथं तयारच होता. आणि त्याची पश्तू-फारसी नुसती पदवीपुरती नव्हती, तो काही काळ विद्यापीठात पश्तू शिकवतही होता.

मॉस्को_रिटर्न

मी ऐंशीच्या दशकात मॉस्कोत शिकायला होतो. वसतिगृहात टीव्ही एकच, दिवाणखान्यात. 'सतरा क्षण' पुन्हा दाखवायला लागले की जागा धरून ठेवावी लागे. सगळ्यांना संवाद पाठ असत, तरी कोणी उठत नसे.

तुम्ही निवेदकाचा उल्लेख केला नाहीत म्हणून लिहितो. येफीम कोपेलियानचा आवाज. कोणी नवा नाझी अधिकारी पडद्यावर आला की तो त्याची फाइल वाचून दाखवतो: अमुक सालापासून पक्षाचा सभासद, स्वभाव नॉर्डिक आणि संयमी, सहकाऱ्यांशी संबंध चांगले, शत्रूंशी निर्दय, अविवाहित. आमचे रशियन मित्र हे ऐकून खो खो हसत, कारण त्यांच्या स्वतःच्या शिफारसपत्रांत ह्याच थाटाची वाक्यं असत. 'राजकीयदृष्ट्या साक्षर, नैतिकदृष्ट्या स्थिर' हे त्यांच्या प्रत्येक प्रमाणपत्रात. श्टिर्लिट्सवरचे विनोद तर किती! त्यातले बरेचसे त्या निवेदकाच्याच सुरात सांगायचे असतात. रात्र-रात्र चालत. मला भाषा खऱ्या अर्थानं त्या विनोदांनी शिकवली. जो विनोद समजला नाही तो पुन्हा पुन्हा विचारायचो.

वाटसरू जे कचेरीबद्दल म्हणतात ते मी डोळ्यांनी पाहिलेलं आहे. लोक बर्लिन बघत होते आणि आपलं खातं आठवून हसत होते.

निळाई

मॉस्को_रिटर्न, हा प्रतिसाद वाचून फार आनंद झाला. मी पटकथालेखन शिकते, म्हणून त्या अंगानं लिहिते.

सेम्योनोव्हनं कथेतच कागदपत्रं घातली: फाइली, तारा, अहवाल, सांकेतिक संदेश, आणि अधूनमधून 'विचारासाठी माहिती' अशा मथळ्याखाली एखाद्या खऱ्या नाझी नेत्याचं चरित्र. कथा थांबते, कागद वाचला जातो, पुन्हा कथा सुरू. आम्हाला वर्गात सांगतात की प्रेक्षकाला माहिती थेट देऊ नका, प्रसंगातून द्या. हा माणूस सरळ फाइल उघडून ठेवतो, आणि तरी उत्कंठा वाढते. कारण प्रेक्षक श्टिर्लिट्सच्याच जागी बसतो. त्यालाही कागदच वाचायचे आहेत आणि कागदावर काय लिहिलेलं नाही ते ओळखायचं आहे.

दुसरं म्हणजे दुय्यम पात्रं. श्टिर्लिट्सनं निरोप देऊन धाडलेल्या प्राध्यापक प्लाइश्नरचा शेवट आठवा. बर्नला पोचल्यावर त्या भाबड्या माणसाला मोकळ्या हवेची झिंग चढते, खिडकीतल्या फुलाच्या धोक्याच्या खुणेकडे त्याचं लक्ष जात नाही, आणि सगळं संपतं. वर्षानुवर्षं स्वातंत्र्य न मिळालेल्या माणसाला ते अचानक मिळालं की त्याचं भान कसं सुटतं, हे सोव्हिएत टीव्हीवर दाखवलं आहे! ते चित्रण झालं रिगा शहरातल्या यौनिएला गल्लीत. पुढे सोव्हिएत शेरलॉक होम्स मालिकेत त्याच गल्लीची बेकर स्ट्रीट झाली.

तात्या_नाशिककर

श्टिर्लिट्स खरा कोणी होता का? विली लेमान असं नाव वाचलं होतं.

वाटसरू

तात्या, लेमान गेस्टापोतला खरा अधिकारी. १९२९पासून सोव्हिएतांना माहिती देत होता, १९४२च्या अखेरीस उघडा पडला आणि मारला गेला. तो अस्सल जर्मन, म्हणजे रशियातून पेरलेला नव्हे. आणि १९४५पर्यंत तो जिवंतही नव्हता, तेव्हा वोल्फ–डलेस प्रकरणाशी त्याचा संबंध येत नाही. श्टिर्लिट्स हे अनेकांवरून रचलेलं काल्पनिक पात्र आहे. मला तर वाटतं त्यात सेम्योनोव्ह स्वतःही पुष्कळ आहे: भाषा येणारा, कागदांत रमणारा, सगळ्यांशी गोड बोलून काम काढणारा.

त्याच्या पत्रकारितेबद्दल लिहायचं राहिलं. दाढी, कातडी जाकीट आणि हेमिंग्वेचं वेड, असा हा गडी उत्तर ध्रुवाकडे जाऊन आला, युद्धकाळात व्हिएतनाम-लाओसमध्ये फिरला. १९७४मध्ये माद्रिदला जाऊन त्यानं ओट्टो स्कोर्त्झेनीची मुलाखत घेतली, मुसोलिनीच्या सुटकेच्या मोहिमेमुळे नाव झालेला तो नाझी कमांडो. हिटलरचा मंत्री अल्बर्ट श्पेअर याला भेटला. आणि ज्याला त्यानं कादंबरीत पात्र केलं होतं त्या कार्ल वोल्फलाही गाठलं.

पश्चिम जर्मनीत वार्ताहर असताना त्यानं लुटून नेलेल्या रशियन कलावस्तूंचा माग काढायचा ध्यास घेतला. त्सारस्कोये सेलोच्या राजवाड्यातली अंबर खोली (अंबर या पिवळ्या, राळेपासून झालेल्या खड्याच्या तक्त्यांनी मढवलेली) जर्मनांनी १९४१मध्ये सोलून क्योनिग्सबर्गला नेली आणि १९४५मध्ये ती नाहीशी झाली. या शोधात त्याला गेओर्ग श्टाइन नावाचा जर्मन शेतकरी आणि लिख्टेनश्टाइनचा बॅरन फाल्त्स-फाइन असे साथी मिळाले. बॅरन म्हणजे क्रांतीनंतर परागंदा झालेल्या घराण्यातला, आणि हा सोव्हिएत लेखक! खोली मिळाली नाही, पण या मैत्रीतून पुढे गायक शाल्यापिनच्या अस्थी पॅरिसहून मॉस्कोला आणण्याचं काम झालं, १९८४मध्ये.

शंकासूर

हे सगळं वाचून माझं मत थोडं मऊ झालंय, बदललं नाही. एक विचारतो. बंधनं सैल झाल्यावर त्यानं काय लिहिलं? खरी कसोटी तिथं लागते. जो माणूस 'जमेल तेवढं सरकवत होता', त्यानं दार उघडल्यावर सगळं बाहेर काढायला हवं.

वाटसरू

काढलं. १९९०मध्ये 'हताशा' ही श्टिर्लिट्सच्या मालिकेतली कादंबरी आली. युद्धानंतर श्टिर्लिट्स मायदेशी परततो तो थेट लुब्यांकाच्या, म्हणजे गुप्त पोलिसांच्या मुख्यालयातल्या, कोठडीत. ज्यांच्यासाठी वीस वर्षं मुखवटा घालून जगला तेच त्याची चौकशी करतात. स्वीडनचा राउल वॉलेनबर्ग, ज्यानं बुडापेस्टमधल्या हजारो ज्यूंना वाचवलं आणि जो सोव्हिएत कैदेत नाहीसा झाला, त्याच्याविरुद्ध रचलेल्या कारस्थानात श्टिर्लिट्सला वापरायचा डाव असतो. बायको आणि मुलगा यांना मारलं जातं. शेवंतांनी सांगितलेल्या कॅफेतली ती बायको.

कल्पना करा, सगळ्या देशाचा लाडका नायक, ज्याच्यावर मुलं खेळ खेळतात, त्याला त्याच्या निर्मात्यानं स्वतःच्या वडिलांच्या कोठडीत नेऊन बसवलं. पुस्तक म्हणून ते घाईचं आहे, काही ठिकाणी विस्कळीत आहे. पण शंकासूर, तुम्ही विचारलेल्या कसोटीला मी ते पुढे करीन.

त्याच सुमारास, १९८९मध्ये, त्यानं 'सोव्हेर्शेन्नो सेक्रेत्नो' म्हणजे 'अत्यंत गोपनीय' हे वृत्तपत्र काढलं. सरकारी छत्राखाली नसलेल्या देशातल्या पहिल्या काही नियतकालिकांपैकी ते एक. स्टालिनकाळातली दडपलेली प्रकरणं छापायची हा त्याचा पाया होता. त्याआधी १९८६मध्ये मेक्सिकोचा पाको इग्नासियो ताइबो आणि इतरांबरोबर त्यानं रहस्यकथालेखकांची आंतरराष्ट्रीय संघटना उभी केली होती. मे १९९०मध्ये त्याला पक्षाघात झाला आणि लिहिणं थांबलं. १५ सप्टेंबर १९९३ला तो गेला. अस्थी काळ्या समुद्रात सोडल्या. क्रिमियात ओलिवा गावी त्याचं घर आहे, तिथं आता संग्रहालय आहे.

शंकासूर

'हताशा'बद्दल माहीत नव्हतं. वाचतो. तरीही ज्या लेखकाला १९७९मध्ये ओगोरोद्निक दिसला नाही त्याला १९९०मध्ये श्टिर्लिट्स दिसला, यात धोका टळल्यानंतरचं धैर्य किती हा प्रश्न माझ्यापुरता उरतोच.

निळाई

१९५२मध्ये पत्रं लिहिली तेव्हा धोका टळलेला नव्हता ना, शंकासूर. वीस वर्षांचा होता तो.

शंकासूर

मान्य. ते वजन आहेच.

शेवंता

ज्यांना रशियन येत नाही त्यांनी सुरुवात कुठून करावी? आणि वाइनर बंधूंवरही लिहा ना, 'भेटीची जागा बदलता येणार नाही'वाले.

वाटसरू

वाइनर बंधूंना वेगळा धागाच हवा. १९७९ची ती पाच भागांची मालिका आणि त्यातला व्लादिमीर व्हिसोत्स्कीचा पोलीस अधिकारी यावर इथं दोन ओळी लिहून भागणार नाही.

सेम्योनोव्हसाठी आधी 'सतरा क्षण' मालिका बघा, उपशीर्षकांसह मिळते. पहिले दोन भाग सावकाश आहेत. बरीच नावं आणि हुद्दे अंगावर येतात, तिथं सोडू नका. म्युलर आणि श्टिर्लिट्स समोरासमोर यायला लागले की पकड बसते. मग कादंबरी इंग्रजीतून वाचा, आणि 'हताशा' शेवटी, मधली दोन-तीन पुस्तकं झाल्यावरच, नाहीतर तिचा घाव जाणवत नाही. मालिका काळी-पांढरीच शोधा. २००९मध्ये रंग भरून काढलेली प्रत जागोजागी छाटलेली आहे, आणि छाटलं आहे ते नेमकं श्टिर्लिट्स नुसता बसून विचार करतो तिथं.